‘ही पुस्तकं ओरडतात’ : घरगुती गोष्टींची चित्रपुस्तकं निवडताना आणि वाचताना

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगी साडेपाच वर्षांची, घरात आठ महिन्यांचा भाऊ. वाटून घ्यावं, खरं बोलावं, पसारा आवरावा, बाळाला सांभाळून घ्यावं, अशा विषयांवरची सात चित्रपुस्तकं तुम्ही आणलीत. दोन-चार दिवसांत तिने ती कपाटामागे ढकलली आणि विचारल्यावर म्हणाली, “ही पुस्तकं ओरडतात.” उलट, आजोबांचा चष्मा हरवतो आणि घरभर शोधाशोध होते, एवढीच गोष्ट असलेलं एक जुनं पुस्तक ती रोज रात्री वाचायला लावते. ‘त्यात शिकण्यासारखं काहीच नाही,’ असं तुम्ही लिहिलं आहे. पुस्तकं चुकली की वाचणारा चुकला, हा तुमचा सवाल.

पुस्तकं चुकली. सातही नसतील, पण बरीचशी. आणि तुमच्या लेकीने दोन-चार दिवसांत जे निदान केलं, तिथवर पोचायला मला संपादक म्हणून पाच-सहा वर्षं लागली.

मी बावीस वर्षं मुलांच्या चित्रपुस्तकांचं संपादन करते आहे आणि आठवड्यातून एकदा चार ते सात वयाच्या मुलांसमोर बसून मोठ्याने वाचते. माझ्याकडे येणाऱ्या संहितांमध्ये शेवटच्या पानावर एक शब्द हमखास भेटतो: ‘तेव्हापासून’. तेव्हापासून चिंटू रोज खेळणी आवरू लागला. तेव्हापासून मिनी कधीच खोटं बोलली नाही. सुरुवातीला असं एक वाक्य मी स्वतःच्या हाताने घातलं आहे. दोन भावांची साधी गोष्ट होती. कागदाच्या होडीवरून भांडतात, होडी फाटते, मग दोघं मिळून दोन अर्ध्या होड्या पाण्यात सोडतात. छान होती. पण छापायला जाण्याआधी वरून विचारणा झाली, “सगळं ठीक आहे, पण शिकवण कुठंय?” मी नवखी. शेवटच्या पानावर लिहून टाकलं, ‘तेव्हापासून ते दोघं कधीच भांडले नाहीत.’ पुस्तक हातात आल्यावर पहिल्याच वाचनाला पुढच्या रांगेतला एक मुलगा, ज्याचा धाकटा भाऊ शेजारीच बसला होता, मोठ्याने म्हणाला, “खोटं!” सगळी पोरं हसली. पुढच्या आवृत्तीत ते वाक्य मी काढलं, पण तो ‘खोटं’ अजून कानात आहे.

ते वाक्य मुलासाठी लिहिलेलंच नसतं. ते विकत घेणाऱ्यासाठी असतं. दुकानात उभ्या उभ्या पुस्तक चाळणारा मोठा माणूस पहिलं पान बघतो आणि शेवटचं बघतो. शेवटी ‘उपयोग’ दिसला की पुस्तक पिशवीत जातं. त्यामुळे शेवटचं पान ही जणू मालावरची चिठ्ठी होऊन बसते, आणि घरी आल्यावर ती चिठ्ठी मुलाला वाचून दाखवली जाते. मुलाला ते ओरडल्यासारखं वाटलं तर त्याचं काय चुकलं?

याला छपाईचंही एक कारण आहे. चित्रपुस्तक बहुधा ३२ पानांचं असतं. मोठा कागद छापून घडी घातला की सोळा पानांचा एक फर्मा होतो. दोन फर्मे म्हणजे ३२. त्यातून शीर्षकाची आणि प्रकाशनाच्या तपशिलांची पानं वजा केली की गोष्टीला बारा ते चौदा जोडपानं (समोरासमोरची दोन पानं मिळून एक) उरतात. नवखा लेखक त्यातली जवळजवळ सगळी गोंधळ उभा करण्यात घालवतो. घर विस्कटलंय, ताई रुसलीय, बाळ रडतंय, फुलदाणी फुटलीय, आणि हातात जागा उरते एका पानाची. मग दारातून आई येते, मांडीवर घेते, समजावते, आणि मुलाला सगळं पटतं. खऱ्या घरात कुणाला कधी एका पानात पटलंय?

आता मुख्य मुद्दा. चित्रपुस्तकात दोन गोष्टी एकाच वेळी चालू असतात, एक शब्दांत आणि एक चित्रांत. मोठा माणूस शब्द वाचतो, मूल चित्र वाचतं, आणि हे शब्दशः खरं आहे. एव्हान्स आणि सेंट-ऑबिन या संशोधकांनी २००५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, गोष्ट वाचून दाखवताना लहान मुलांची नजर नेमकी कुठे असते ते यंत्राने टिपलं होतं. मुलं छापील अक्षरांकडे जवळजवळ बघतच नाहीत. त्यांचे डोळे चित्रावर फिरत असतात. म्हणजे तुम्ही ओळ वाचून संपवता तोवर तिने अख्खं पान पालथं घातलेलं असतं. पलंगाखालचा मोजा, खिडकीतलं मांजर, बाबांच्या कपाळावरची आठी, सगळं तिला दिसलेलं असतं. त्या पानावर तिला तुमच्यापेक्षा जास्त माहीत असतं.

चांगला चित्रपुस्तककार या ‘जास्त माहीत असण्या’वरच सगळं रचतो. पॅट हचिन्स यांच्या ‘रोझीज वॉक’मध्ये एक कोंबडी शेतावर फेरफटका मारून घरी येते, एवढंच शब्दांत आहे. चित्रात मात्र तिच्या मागावर एक कोल्हा आहे आणि दर वेळी त्याची फजिती होते. कोल्ह्याचा शब्दांत उल्लेखच नाही. ते पुस्तक वाचताना मुलं ओरडून ओरडून घर डोक्यावर घेतात, कारण कोल्हा आहे हे वाचणाऱ्याला कळलेलंच नाही अशी त्यांची खात्री असते. हेच घरगुती विषयाला लावून बघा. शब्द म्हणतात, ‘ताईला बाळ खूप आवडतं.’ चित्रात ताई बाळाला स्वतःच्या खेळण्यांच्या पेटीत बसवून झाकण कुठे आहे ते शोधते आहे. हे पान बघून तुमची लेक खळखळून हसेल. त्या हसण्यात ‘मलाही असंच वाटतं’ आणि ‘असं करायचं नसतं’ हे दोन्ही आलं, आणि दुसरी गोष्ट तिला कुणी सांगितलेली नाही. तिने ती चित्रातून स्वतः काढली. ‘बाळावर प्रेम करावं’ असं लिहिलं असतं तर काढायला तिच्यासाठी काही उरलंच नसतं.

चष्म्याचं ते पुस्तक मी पाहिलेलं नाही. तरी पैज लावते, चष्मा पहिल्या दोन-तीन पानांतच चित्रात कुठेतरी दिसत असणार. आजोबांच्या डोक्यावर, नाहीतर त्यांच्याच पुस्तकात खूण म्हणून ठेवलेला. घरातले सगळे शोधत असतात, एकमेकांवर चिडत असतात, आणि चष्मा कुठे आहे ते फक्त तिला माहीत असतं. दिवसभर ज्या मुलीला ‘तू मोठी ना, तुला कळायला हवं’ हे ऐकावं लागतं, तिला रात्री पंधरा मिनिटं मोठ्यांपेक्षा जास्त कळतं. त्यात शिकण्यासारखं काही नाही म्हणता? वस्तू मोठ्यांच्याही हरवतात, चिडलेलं घर पुन्हा जाग्यावर येतं, सापडल्यावर कुणीतरी खजील होतं आणि ते चालतं. मला तर ही मोठी शिदोरी वाटते.

दुसरी एक गोष्ट, जी पालकांना सहसा सांगितली जात नाही. लहान मुलं चूक कशी तोलतात? मानसशास्त्रज्ञ ज्याँ पियाजे यांनी १९३२ च्या आपल्या पुस्तकात मुलांना विचारलेली एक जोडगोष्ट आहे. एक मुलगा जेवायला बोलावलं म्हणून दार उघडतो, दारामागे पंधरा कप ठेवलेले असतात, ते त्याला माहीत नसतं, सगळे फुटतात. दुसरा मुलगा आई घरात नसताना कपाटातला मुरंबा चोरून घ्यायला चढतो आणि त्याच्याकडून एक कप फुटतो. जास्त खोडकर कोण? लहान मुलं पुष्कळदा म्हणाली, पहिला; कारण पंधरा फुटले. नुकसान मोजायचं, हेतू नाही. पुढे यावर बरेच प्रयोग झाले. नेल्सन यांनी १९८० मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात दिसलं, की हेतू स्पष्टपणे, चित्रात डोळ्यांसमोर दाखवला तर तीन वर्षांची मुलंही तो विचारात घेतात. मुलांना हेतू कळत नाही असं नव्हे. नुसत्या ऐकलेल्या गोष्टीत तो हातातून निसटतो.

चित्रपुस्तकाचं खरं सामर्थ्य मला इथे दिसतं. फुलदाणी फुटण्याआधीचं पान बघा. त्यात मुलाचा चेहरा आहे का? तो बाळासाठी वरचं खेळणं काढायला चढला होता की रागाने चेंडू फेकत होता, हे चित्रात दिसतं का? दिसत असेल तर ते पुस्तक मुलाच्या विचाराला पुढे नेतं. नुसता फुटलेल्या काचांचा ढीग आणि शेजारी रडणारं मूल असेल, तर ते पुस्तक त्याला पंधरा कपांच्याच हिशेबात ठेवतं, आणि वर शेवटी ‘सॉरी म्हणावं’ अशी पाटी लावतं.

खरं बोलण्यावरच्या पुस्तकांबद्दल एक प्रयोग तुम्हाला आवडेल. कांग ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो २०१४ मध्ये प्रसिद्ध केला. तीन ते सात वयाच्या मुलांना पाठमोरं बसवून, नुसत्या आवाजावरून खेळणं ओळखायला सांगितलं. प्रयोग करणारी बाई थोडा वेळ बाहेर जाते, ‘वळून बघायचं नाही’ म्हणून बजावून. अर्थात बरीच मुलं वळून बघतात. परत आल्यावर ती एक गोष्ट वाचते आणि मग विचारते, “बघितलंस का?” खोटं बोललं की नाक लांबणाऱ्या बाहुल्याच्या किंवा ‘लांडगा आला रे आला’च्या गोष्टीने खरं बोलणाऱ्यांचं प्रमाण वाढलं नाही. वाढलं ते अमेरिकेचे पहिले राष्ट्राध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन यांच्या लहानपणच्या चेरीच्या झाडाच्या गोष्टीने, ज्यात मुलगा झाडावर कुऱ्हाड चालवल्याचं कबूल करतो आणि वडील त्याला जवळ घेतात. त्याच गोष्टीचा शेवट बदलून खोटं बोलल्याचा वाईट परिणाम दाखवला, तर उपयोग नाहीसा झाला. (गंमत म्हणजे खरेपणाची ही गोष्ट स्वतःच बनावट आहे. वीम्स नावाच्या चरित्रकाराने ती घडवली आणि वॉशिंग्टनच्या मृत्यूनंतर काही वर्षांनी चरित्राच्या नव्या आवृत्तीत घातली.) एका प्रयोगावर घर बांधू नये, पण माझा वाचनाचा अनुभव त्याच बाजूचा आहे. शिक्षेची गोष्ट ऐकून मुलं पकडलं न जाण्याचा विचार करू लागतात. कबूल केल्यावर जवळ घेतल्याची गोष्ट ऐकून कबूल करणं शक्य वाटू लागतं.

प्राण्यांच्या गोष्टींबद्दल तुम्ही विचारलं नाही, तरी लिहिते, कारण तुमच्या सातात ससे-अस्वलं असणारच. टोरांटोत झालेल्या एका अभ्यासात चार ते सहा वयाच्या मुलांना वाटून घेण्याची एकच गोष्ट दोन रूपांत वाचून दाखवली, एकात माणसं, दुसऱ्यात कपडे घातलेले प्राणी. नंतर स्टिकर वाटायची वेळ आली तेव्हा माणसांची गोष्ट ऐकलेल्यांनी आधीपेक्षा जास्त दिले. प्राण्यांची ऐकलेल्यांनी जास्त दिले नाहीत. यावरून प्राण्यांना घराबाहेर काढू नका. भीती, मत्सर, मृत्यू असा जड विषय असेल तर अस्वलाचं कातडं मुलाला आडोसा देतं, तो आडोसा लागतोच. पण ‘हे तू उद्या कर’ असं साधं, रोजचं वागणं दाखवायचं असेल तर चित्रात माणसाचं मूल, माणसाचं घर आणि माणसाचाच पसारा बरा.

घरगुती गोष्टींचं माझ्या मते सगळ्यात धीट पुस्तक १९६३ चं आहे, मॉरिस सेंडाक यांचं ‘व्हेअर द वाइल्ड थिंग्ज आर’. दंगा करणारा मुलगा, जेवणाशिवाय खोलीत पाठवणारी आई. इंग्रजीत सगळे मिळून साडेतीनशेच्या आत शब्द. मुलाचा राग वाढतो तशी चित्रं पानावर पसरत जातात, मधली तीन जोडपानं तर पूर्ण बिनशब्दांची, आणि राग ओसरतो तशी चित्रं पुन्हा आक्रसतात. शेवटी तो खोलीत परततो तर जेवण वाट बघत असतं. आई एकाही चित्रात दिसत नाही. माफी कुणी मागत नाही. जेवण अजून गरम आहे, ही शेवटची ओळ पानावर एकटी आहे, चित्राशिवाय. मी हे पुस्तक मुलांना शेकडो वेळा वाचून दाखवलं असेल. ‘मग त्याला काय शिकायला मिळालं?’ असं मुलांनी एकदाही विचारलेलं नाही. “कुणी ठेवलं जेवण?” हे मात्र नेहमी विचारतात, आणि उत्तर त्यांना माहीत असतं.

निवडायचं कसं? दुकानात किंवा वाचनालयात उभे असाल तर शेवटचं पान हाताने झाका आणि त्याच्याशिवाय गोष्ट पुरी होते का ते बघा. होत असेल तर पुस्तक घ्या. ते पान घरी गेल्यावर फारसं नडत नाही. मग बघा, अडचणीतून वाट कोण काढतं. मोठं माणूस येऊन सोडवतं की मूल स्वतः काहीतरी करतं, अर्धवट का होईना? पुढे, पुस्तकातल्या मोठ्यांचं काही चुकतं का? ज्या घरात फक्त मुलंच चुकतात ते घर मुलांच्या ओळखीचं नसतं. चित्रांच्या पार्श्वभूमीकडेही जरा लक्ष द्या: भांडी कोण घासतंय, बाळाचे कपडे कोण बदलतंय, वर्तमानपत्र कोण वाचतंय. मजकुरात समानतेबद्दल अवाक्षर नसेल, तरी मूल ते बत्तीस पानं बघत असतं.

आणि घर एकाच साच्याचं नसावं. बालसाहित्याच्या अभ्यासक रुडीन सिम्स बिशप यांनी १९९० मध्ये पुस्तकाला आरसा आणि खिडकी म्हटलं होतं. काही पुस्तकांत मुलाला आपलं घर दिसावं, काहींत दुसऱ्याचं. एकट्या आईचं घर, आजी-आजोबांनी वाढवलेलं मूल, दत्तक भावंड, आजारी बाबा. आपल्या घराचा आरसा कुठल्याच पुस्तकात न सापडलेलं मूल काही बोलत नाही. हळूहळू पुस्तकं उघडेनासं होतं. कपाटात सगळे आरसेच भरलेले असतील, तर मुलाला दुसऱ्याचं घर कधी दिसतच नाही.

वाचण्याबद्दल मात्र तुम्हाला थोडं बोलणार आहे. तुम्ही लिहिलंय, की मुलीने बाळाच्या हातातलं खुळखुळं ओढलं त्याच संध्याकाळी तुम्ही वाटून घेण्याचं पुस्तक काढलंत. ही फिर्याद झाली हो. आरोपीला बसवून आरोपपत्र वाचून दाखवलंत. पुस्तक कितीही चांगलं असतं तरी त्या संध्याकाळी ओरडलंच असतं. भांडणाचं पुस्तक भांडण नसलेल्या दिवशी वाचायचं असतं, पोट भरलेलं असताना, अंगाला अंग लावून. मग चार दिवसांनी खरं भांडण झालं की तीच म्हणेल, “त्या पुस्तकातल्या ताईसारखं झालं.” नाही म्हणाली तरी तुम्ही म्हणू नका.

आणि ‘मग यातून काय शिकलीस?’ हा प्रश्न कायमचा सोडा. त्याला उत्तर एकच असतं, जे तुम्हाला हवं असतं ते, आणि मुलं ते दोन दिवसांत ओळखतात. प्रश्न विचारायलाच हवेत असं नाही, पण विचारायचे तर चित्राला विचारा. हा मागे का उभा आहे? हिला हे माहीत आहे का? आता काय होईल, पान उलटू? ग्रोवर व्हाइटहर्स्ट यांच्या गटाने १९८८ मध्ये दोन-तीन वर्षांच्या मुलांच्या पालकांना असं वाचायला शिकवलं होतं. खुले प्रश्न विचारायचे, मूल जे बोलेल ते थोडं वाढवून परत द्यायचं, हळूहळू गोष्ट सांगायचं काम मुलाकडे जाऊ द्यायचं. एका महिन्यात ती मुलं बोलण्याच्या चाचण्यांत, नेहमीसारखं वाचून दाखवलेल्या मुलांच्या कित्येक महिने पुढे गेली. तुमच्या मुलीचं वय त्यांच्या दुप्पट, पण रीत तीच. पानउलटीपाशी थांबा. चित्रपुस्तकातली सगळी गंमत त्या एका क्षणात असते आणि आपण घाईत ती वाया घालवतो.

तेच पुस्तक रोज वाचायचा तुम्हाला कंटाळा आला आहे, ते समजू शकते. तरी वाचा. ससेक्स विद्यापीठातल्या जेसिका हॉर्स्ट आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये दाखवलं, की तीन वर्षांची मुलं नवे शब्द वेगवेगळ्या गोष्टींपेक्षा तीच गोष्ट पुन्हा पुन्हा ऐकून जास्त चांगले शिकतात. शब्दांचं सोडा. पुढे काय होणार हे पक्कं माहीत असलं की मुलाला प्रत्येक चेहरा नीट बघायला सवड मिळते. पंधराव्या वाचनाला ती म्हणेल, “आजी इथे खरं रागावलेली नाहीये.” हे पहिल्या वाचनाला कुणालाच दिसत नाही.

त्या सात पुस्तकांचं काय करायचं? टाकून देऊ नका. कपाटामागून ती तिनेच काढेल तेव्हा, आणि काढली तरच, तिला एक कोरा कागद आणि खडू द्या आणि शेवटच्या पानावर चिकटवायला तिचं स्वतःचं शेवटचं पान काढायला सांगा. माझ्या वाचनवर्गात हे दर महिन्याला होतं आणि निकाल भन्नाट असतात. वाटून घेण्याच्या गोष्टीला एका मुलीने शेवट दिला होता: दोघी बहिणी खेळणं लपवून ठेवतात आणि मग दोघींनाही ते सापडत नाही.

राहिलं बाळ. आठ महिन्यांच्या मुलाला जाड पुठ्ठ्याची, कोपरे गोल केलेली, चावता येतील अशी पुस्तकं द्या. त्या वयात पुस्तक तोंडात जाणं हेही वाचनच. पण चष्म्याचं पुस्तक त्याच्यासाठी ताईला वाचू द्या. ती अक्षरं वाचणार नाही, चित्रं वाचेल, मधली दोन पानं गाळेल, आजोबांना भलतंच काहीतरी बोलायला लावेल. चष्मा दिसतो त्या पानावर थांबून बाळाला विचारेल, “कुठंय सांग?” त्याने पान ओढलं तर बहुतेक हातावर फटकाही मारेल. तुम्ही शेजारच्या खोलीत असा, आणि काही फाटल्याशिवाय आत जाऊ नका.